बसप्पा दानप्पा जत्ती : जमखंडी ते बैलकुप्पे

बसप्पा दानप्पा जत्ती यांचा जन्म १० सप्टेंबर १९१२ रोजी जमखंडीजवळच्या सावळगी या गावी झाला. कोल्हापुरात कायद्याचे शिक्षण घेऊन त्यांनी जमखंडीत वकिली आरंभली. तेथील नगरपालिकेचे अध्यक्षपद आणि पुढे पटवर्धनांच्या त्या संस्थानाचे दिवाणपद त्यांच्याकडे आले. १९४८ मध्ये संस्थान मुंबई राज्यात विलीन झाले. बाळासाहेब खेर व मोरारजी देसाई यांच्या कारकिर्दीत जत्तींनी मुंबईच्या राज्यकारभाराचा अनुभव घेतला.

१९५६ च्या राज्य पुनर्रचनेत विजापूर जिल्हा म्हैसूर राज्यात गेला. तेथे जमीन सुधारणा समितीचे अध्यक्षपद जत्तींना मिळाले. कसणाऱ्या कुळाला जमिनीची शाश्वती नसेल तर तो तिच्यात घाम गाळील कशासाठी, हा त्या कामाच्या मुळाशी असलेला प्रश्न होता. समितीच्या शिफारशींतून १९६१ चा म्हैसूर जमीन सुधारणा कायदा आकारास आला. १९५८ ते १९६२ या काळात जत्ती मुख्यमंत्री होते.

याच काळात तिबेटी निर्वासितांसाठी जमीन द्यावी, असे आवाहन पंडित नेहरूंनी राज्यांना केले. १९६० मध्ये म्हैसूर सरकारने पिरियापट्टण तालुक्यातील बैलकुप्पे येथे सुमारे ३,००० एकर जमीन उपलब्ध करून दिली. राज्यातील भूमिहीनांचा प्रश्न सुटलेला नसताना परक्यांना जमीन देणे हा सोपा निर्णय नव्हता. मात्र दिले गेले ते रानच होते. निर्वासितांनी तंबूंत राहून, हत्तींचा उपद्रव सोसून ते साफ केले, मका पिकवला, सहकारी संस्था उभारली. निव्वळ शिधावाटपाने माणसे जगली असती. जमिनीने ती स्वावलंबी झाली. तिबेटी समाजाच्या कृतज्ञ स्मरणात या संदर्भात एस. निजलिंगप्पा यांचे नाव अग्रभागी असते. तथापि निर्णयाच्या वेळी शासनाची धुरा जत्तींकडे होती, हेही विसरता येत नाही.

१९६४ मध्ये त्यांनी बंगळूर येथे बसव समितीची स्थापना केली. श्रमालाच उपासना मानणारा बसवेश्वरांचा कायक-विचार त्यांना प्रिय होता. पुढे ते पाँडेचरीचे नायब राज्यपाल, ओरिसाचे राज्यपाल आणि १९७४ ते १९७९ देशाचे उपराष्ट्रपती झाले. १९७७ मध्ये काही महिने त्यांनी राष्ट्रपतिपदाचा कार्यभारही सांभाळला. ७ जून २००२ रोजी त्यांचे निधन झाले.

पदांची ही यादी मोठी आहे. पण कुळाला हक्क आणि निराधाराला कसायला जमीन, या दोन कामांत त्यांच्या कारकिर्दीचे सार आहे. आपल्या मुलांना नागरिकशास्त्र शिकवताना राज्यघटनेतील कलमांबरोबर बैलकुप्प्याची मक्याची शेतेही दाखवावीत. शासनाचा एखादा निर्णय माणसाला कसा उभा करतो, ते तेथे दिसते.