बॅरिस्टर आसफ अली : वकिलीची अमानत



अहमदनगरचा भुईकोट किल्ला आपणांपैकी अनेकांनी पाहिला असेल. ऑगस्ट १९४२ मध्ये मुंबईत पकडलेले काँग्रेस कार्यकारिणीचे सभासद याच किल्ल्यात स्थानबद्ध होते. त्यांपैकी नेहरू, मौलाना आझाद व सरदार पटेल यांची नावे आपण जाणता. त्यांच्यासोबत असलेले बॅरिस्टर आसफ अली मात्र आपल्या मुलांना क्वचितच ठाऊक असतात.

आसफ अली यांचा जन्म १८८८ सालचा. दिल्लीच्या सेंट स्टीफन्स महाविद्यालयात शिकून ते विलायतेस गेले आणि लिंकन्स इनमधून बॅरिस्टर होऊन परतले. दिल्लीत वकिली सुरू झाली. परंतु स्वातंत्र्याच्या चळवळीत उतरल्यावर त्यांना अनेकदा तुरुंगवास पत्करावा लागला.

फिकहच्या परिभाषेत वकील हा अमीन, म्हणजे विश्वस्त असतो. ज्याने आपले काम सोपविले, त्याचा हक्क जपणे ही त्याची जबाबदारी. १९२९ साली मध्यवर्ती विधिमंडळात बॉम्ब टाकल्याबद्दल भगतसिंग व बटुकेश्वर दत्त यांच्यावर खटला झाला, तेव्हा दत्त यांचा बचाव आसफ अली यांनी केला. ते स्वतः गांधीजींच्या अहिंसेच्या मार्गाचे अनुयायी होते. मार्ग भिन्न असला तरी आरोपीचा न्यायाचा हक्क बुडत नाही, हे त्यांनी आचरणाने दाखविले.

१९२८ मध्ये त्यांचा विवाह अरुणा गांगुली यांच्याशी झाला. पती अहमदनगरच्या किल्ल्यात बंदिवान असताना अरुणाजी भूमिगत राहून चळवळ चालवीत होत्या, आणि सरकारने त्यांची मालमत्ता जप्त केली होती. या दांपत्याने देशासाठी किती किंमत मोजली, याचा विचार आपणच करावा.

१९४५ च्या अखेरीस लाल किल्ल्यात आझाद हिंद सेनेचे शाहनवाज खान, प्रेम सहगल व गुरुबक्षसिंग धिल्लाँ यांच्यावर खटला उभा राहिला. एक मुसलमान, एक हिंदू व एक शीख अशा तिघांसाठी नेमलेल्या बचाव समितीचे निमंत्रक आसफ अली होते. न्यायासनापुढील युक्तिवाद मुंबईचे भुलाभाई देसाई यांनी केला.

२ सप्टेंबर १९४६ रोजी अंतरिम सरकार स्थापन झाले आणि रेल्वे व वाहतूक हे खाते त्यांच्याकडे आले. १९४७ मध्ये ते अमेरिकेतील भारताचे पहिले राजदूत झाले, नंतर ओडिशाचे राज्यपाल. एप्रिल १९५३ मध्ये स्वित्झर्लंडमधील बर्न येथे, राजदूतपदावर असतानाच त्यांचे निधन झाले.

वाचकहो, आपणांपैकी कोणी वकील असेल, कोणी सरपंच, कोणी मशिदीचा विश्वस्त. आपल्या हाती दुसऱ्याचा हक्क सोपविलेला आहे. तो आपल्या विचारांच्या माणसाचा आहे की नाही, हे न पाहता आपण तो जपतो काय? आज रात्री निजण्यापूर्वी हा प्रश्न स्वतःला अवश्य विचारावा.