पालकाला जाब विचारणारा न्यायाधीश : रामशास्त्री प्रभुणे

साताऱ्याजवळ कृष्णा आणि वेण्णा या नद्यांच्या संगमावर क्षेत्र माहुली हे पुण्यस्थान आहे. तेथील प्रभुणे घराण्यात अठराव्या शतकाच्या पूर्वार्धात रामशास्त्र्यांचा जन्म झाला. घरची स्थिती बेताची होती आणि ऐन विद्यार्जनाचे वय विद्येवाचून गेले. साताऱ्यास अनगळ नावाच्या सावकाराकडे ते शागिर्दी करीत. एके दिवशी सावकाराच्या पायांवर पाणी घालताना त्यांची दृष्टी त्याच्या कानातील भिकबाळीवर खिळली व धार भलतीकडे गेली. तेव्हा सावकाराने त्यांचा पाणउतारा केला, अशी कथा सांगतात. तो अपमान जिव्हारी लागला. त्यांनी काशीचा रस्ता धरला, बाळंभट पायगुंडे यांच्यापाशी धर्मशास्त्राचे अध्ययन केले आणि पंडित होऊनच ते स्वदेशी परतले.

१७५१ साली ते पेशव्यांच्या पदरी शास्त्री म्हणून राहिले व १७५९ साली पुण्याच्या मुख्य न्यायाधीशपदी त्यांची नेमणूक झाली. त्यांची राहणी साधी होती. घरात उद्याचा शिधा साठवून ठेवावयाचा नाही, असा त्यांचा नेम सांगतात. रमण्यात दक्षिणा वाटण्याचे काम त्यांच्याकडे असे. एकदा याचकांच्या रांगेत त्यांचे सख्खे बंधू उभे होते. त्यांना चार रुपये अधिक द्यावे, असे दरबारातील थोरांनी सुचविले. शास्त्रीबोवांनी इतरांइतकीच दक्षिणा बंधूंच्या हाती ठेवविली. भाऊ म्हणून जे द्यावयाचे, ते आपण आपल्या पदरचे देऊ, असे त्यांचे म्हणणे होते. सरकारचा पैसा आणि घरचा पैसा यांतील रेघ त्यांनी कधी पुसू दिली नाही.

धन्यालाही चूक दाखविण्यास ते कचरत नसत. थोरले माधवराव तरुणपणी जपतपात रमू लागले आणि त्यामुळे राजकाज खोळंबू लागले. हे पाहताच शास्त्रीबोवांनी काशीस जाण्याची रजा मागितली. राज्य पत्करावयाचे तर प्रजेचे रक्षण हेच अनुष्ठान. जपच करावयाचा असेल तर गादी सोडून उभयतांनी गंगातीरी जावे, असा त्या बोलण्याचा आशय होता. माधवरावांनी राग धरला नाही. त्यांनी आपला क्रम बदलला आणि शास्त्रीबोवांवरील त्यांची श्रद्धा दुणावली.

परंतु शास्त्रीबोवांची खरी कसोटी पुढेच होती. १८ नोव्हेंबर १७७२ रोजी थेऊर येथे माधवराव निवर्तले. मृत्यूपूर्वी त्यांनी आपला धाकटा भाऊ नारायणराव यास चुलते रघुनाथराव यांच्या हवाली केले होते. नारायणरावांचे वय अवघे सतरा वर्षांचे. वडील माणूस म्हणून चुलत्याने सांभाळ करावा, हीच मरणाऱ्याची अपेक्षा. पुढे चुलत्या-पुतण्यांत वितुष्ट आले आणि रघुनाथरावांना शनिवारवाड्यातच नजरकैदेत ठेवण्यात आले. ३० ऑगस्ट १७७३ रोजी, गणेशोत्सवाच्या दिवसांत, सुमेरसिंग आदी गारदी थकलेल्या पगाराचे निमित्त करून वाड्यात घुसले. जीव घेऊन धावणाऱ्या पोराने चुलत्याच्या कमरेस मिठी मारली. तेथेच त्याचा वध झाला.

आता रघुनाथराव स्वतः पेशवे झाले. ज्याच्यावर संशय, तोच सत्ताधीश! दरबारातील पुष्कळांनी काळ पाहून मौन धरले. शास्त्रीबोवांनी मात्र चौकशी चालविली. धागे जुळवीत सुमारे सहा आठवड्यांत ते मुळाशी पोहोचले. आपला हुकूम धरण्याचा होता, मारण्याचा नव्हता, असा रघुनाथरावांचा बचाव होता. कागदातील एक अक्षर फिरविले गेले, ही ‘ध’ चा ‘मा’ केल्याची कथा घरोघरी ठाऊक आहे. ते अक्षर कोणी बदलले याविषयी वाद असोत. आपल्या हवाली केलेल्या मुलावर सशस्त्र माणसे धाडणारा पालक एका अक्षराच्या आडोशाने सुटत नाही. शास्त्रीबोवांनी रघुनाथरावांना तोंडावर दोषी ठरविले आणि या पातकास देहान्त हेच प्रायश्चित्त आहे, असे सांगितले. त्यांच्या राज्यात आपण पाणीही पिणार नाही, अशा निश्चयाने त्यांनी अधिकारपद सोडले आणि ते वाईजवळच्या एका खेड्यात जाऊन राहिले.

तो निर्णय अमलात आला नाही, हेही सांगितले पाहिजे. न्यायाधीशापाशी फौज नव्हती. रघुनाथराव पुढे इंग्रजांना जाऊन मिळाले आणि १७८३ साली कोपरगाव येथे वारले. मग शास्त्रीबोवांनी साधले काय? गुन्हेगार कोण, हे त्यांनी निःसंदिग्धपणे सांगितले. राज्यातील सर्वांत आदरणीय पुरुष सेवा नाकारून निघून गेला, ही गोष्ट लपण्यासारखी नव्हती. बारभाईंनी रघुनाथरावांस दूर सारले. १८ एप्रिल १७७४ रोजी पुरंदरावर नारायणरावांचा पुत्र सवाई माधवराव जन्मास आला आणि तान्ह्या बाळाच्या नावे कारभार चालू झाला. पुढे शास्त्रीबोवा सन्मानाने न्यायासनावर परतले आणि २५ ऑक्टोबर १७८९ रोजी त्यांनी देह ठेवला.

हे चरित्र मी वर्गात वर्षानुवर्षे शिकविले. तरी एक गोष्ट येथे कबूल करतो. माझ्या वर्गात बापावेगळा एक हुशार मुलगा होता. त्याची शेती एक आप्त पाहत असे. मुलाची फी थकली, पुस्तके आली नाहीत आणि सातवीनंतर तो शाळेतून नाहीसा झाला. त्या आप्ताकडे उत्पन्नाचा हिशेब मागावा, असे मनात अनेकदा आले. पण तो गावातील वजनदार गृहस्थ. शिक्षकाने कशास पडावे, असे म्हणून मी गप्प बसलो. ज्या तासाला मी रामशास्त्र्यांचा धडा शिकविला, त्या तासाला तो मुलगा पहिल्या बाकावर बसलेला होता.

ज्ञातिबांधवहो, आपल्या संस्थेचा निधी, वसतिगृहातील मुले, घरातील पोरक्या लेकरांच्या जमिनी या साऱ्या कोणाच्या तरी हवाली केलेल्या ठेवी आहेत. ज्याच्या हाती ठेव आहे, त्याने न मागता हिशेब द्यावा. आणि तो न दिल्यास इतरांनी वय, नाते व प्रतिष्ठा न पाहता मागावा. त्यात अवमान नाही. रामशास्त्र्यांनी प्रत्यक्ष पेशव्याला जाब विचारला. आपल्याला तर आपल्याच माणसांना विचारावयाचे आहे.