रेव्हरंड टिळक : नोंदवहीपलीकडचा पाळक

पाळकाचे कार्य बाप्तिस्म्यांच्या संख्येवरून जोखण्याची रीत मिशनच्या अहवालांनी रूढ केली. रेव्हरंड नारायण वामन टिळक (१८६१–१९१९) या मापात मावत नाहीत. करजगावी चित्पावन कुटुंबात जन्मलेल्या टिळकांनी १८९५ मध्ये बाप्तिस्मा घेतला. १९०४ मध्ये अमेरिकन मराठी मिशनने त्यांना पाळकपदाची दीक्षा दिली. अहमदनगर ही त्यांची कर्मभूमी.

परकीय चालींवर बेतलेल्या भाषांतरित गीतांचे तेव्हाच्या उपासनेत प्राबल्य होते. टिळकांनी तेथे अभंग आणि कीर्तन आणले. हा निव्वळ वेषपालट नव्हता. तुकोबांच्या वाटेनेच आपण ख्रिस्तापर्यंत पोहोचलो, अशी त्यांची धारणा होती. त्यामुळे वारकरी परंपरेचा भक्तिभाव त्यांच्या पदांत उसना वाटत नाही. मराठी मंडळ्यांमध्ये ती आजही गायिली जातात.

१९१७ मध्ये मिशनची नोकरी सोडून त्यांनी ‘देवाचा दरबार’ आरंभिला. ख्रिस्ताला मानणाऱ्या, परंतु बाप्तिस्मा न घेतलेल्यांनाही तेथे स्थान होते. अशा अनुयायांची नोंद कोणत्या रकान्यात करावी? मिशनची अडचण समजण्यासारखी आहे. परंतु टिळकांचे वेगळेपण नेमके येथेच आहे. दोनच वर्षांत त्यांचे निधन झाले. ‘ख्रिस्तायन’ हे त्यांचे महाकाव्य अपुरे राहिले. त्याचे पुढील ६४ अध्याय लक्ष्मीबाईंनी रचले.