आधी बोटं शिकली, मग डोळे

पेपर लिहिताना एखादं स्पेलिंग ऐन वेळी अडलं की तुम्ही काय करता? बरेच जण ते मागच्या पानावर खरडून बघतात, नाहीतर बाकावर बोटानं गिरवतात. डोक्याला आठवत नाही, ते हाताला आठवतं! हाताचं हे शहाणपण शंभरहून जास्त वर्षांपूर्वी इटलीतल्या एका डॉक्टरीण बाईंनी हेरलं आणि लहान मुलांना लिहा-वाचायला शिकवण्याची रीतच बदलून टाकली. त्यांचं नाव तुमच्याही गावातल्या एखाद्या बालवाडीच्या पाटीवर असेल: मारिया मॉन्टेसरी.

३१ ऑगस्ट १८७० रोजी किआरावाले या गावात त्यांचा जन्म झाला. मुलीनं फार तर शिक्षिका व्हावं, असा तो काळ. वडिलांची नाराजी पत्करून त्या डॉक्टरकीला गेल्या. मुलांबरोबर शवविच्छेदन करणं मुलीला शोभत नाही म्हणून ते काम त्यांना इतर विद्यार्थी गेल्यावर एकटीनं करावं लागे. १८९६ मध्ये रोममध्ये त्या डॉक्टर झाल्या. दोन वर्षांनी त्यांना मुलगा झाला, मारिओ. लग्न झालेलं नव्हतं. समाजाच्या भीतीपोटी बाळाला खेड्यातल्या एका कुटुंबात ठेवावं लागलं. पुढची कित्येक वर्षं त्या इतरांच्या मुलांना अक्षरं शिकवत होत्या आणि त्यांचा स्वतःचा मुलगा मात्र परक्या घरी वाढत होता.

त्यांचं पहिलं मोठं काम मतिमंद समजल्या गेलेल्या मुलांमध्ये झालं. इतार आणि सेगँ या फ्रेंच डॉक्टरांची जुनी पुस्तकं बाईंनी मिळवली. नीट समजावीत म्हणून त्यांचं इटालियन भाषांतर करून ती स्वतःच्या हातानं उतरवून काढली. यातून घडवलेल्या रीतीनं त्या मुलांना शिकवू लागल्या, आणि त्यांतली काही मुलं लिहिण्या-वाचण्याच्या परीक्षेत चारचौघांच्या मुलांच्या बरोबरीनं पास झाली. सगळीकडे कौतुक सुरू झालं. बाई मात्र विचारात पडल्या: ही मुलं एवढं करतात, तर धडधाकट मुलांच्या शाळांमध्ये नेमकं काय चुकतंय?

उत्तर शोधायची संधी ६ जानेवारी १९०७ ला मिळाली. रोममधल्या सान लोरेन्झो या गरीब वस्तीत आईबाप कामावर गेले की पोरं चाळीच्या भिंती खराब करायची. त्यांना सांभाळायला घरमालकांनी एक खोली दिली, आणि तिथं ‘मुलांचं घर’ सुरू झालं. एवढ्या लहान वयात लिहिणं-वाचणं शिकवायचा बाईंचा इरादा नव्हता. पण वस्तीतल्या आयाच मागे लागल्या. त्यांतल्या अनेकजणी स्वतः निरक्षर होत्या. आपलं पोर तरी तसं राहू नये, एवढीच त्यांची मागणी.

बाईंना हवी होती लाकडाची अक्षरं. ती काही जमेनात. मग त्यांनी खरखरीत पॉलिश पेपर कापून अक्षरं केली आणि पुठ्ठ्यावर चिकटवली. मुलानं त्यावरून लिहिण्याच्या दिशेनं बोट फिरवायचं आणि त्याच वेळी अक्षराचा आवाज काढायचा. अक्षराचं नाव नाही हं, आवाज! पुढे तेच डोळे मिटून. हात, कान आणि डोळे असे तिन्ही एकाच वेळी कामाला लागत. शिवाय कागदाची सुटी अक्षरं होती. शब्द ऐकायचा, त्यातले आवाज सुटे करायचे आणि अक्षरं ओळीनं मांडायची. म्हणजे पेन्सिल चालवायच्या आधीच मूल शब्द जुळवायला लागलं होतं.

डिसेंबरातल्या एका उन्हाच्या दिवशी बाई मुलांना घेऊन गच्चीवर बसल्या होत्या. पाच वर्षांच्या एका पोराला त्यांनी खडू दिला आणि धुराड्याचं चित्र काढायला सांगितलं. चित्र झालं, आणि त्यानं एकाएकी फरशीवर एक शब्द लिहिला. मग आनंदानं ओरडत धुराडं, छप्पर असे आणखी शब्द. त्याला शब्द लिहायला कुणी शिकवलंच नव्हतं! त्यानं लिहिलेला पहिला शब्द होता ‘मानो’, म्हणजे हात.

वाचन नंतर आलं. चिठ्ठीवर ओळखीच्या वस्तूचं नाव असे. मूल एकेक आवाज जुळवत म्हणायचं. बाई सांगायच्या, आता जरा भरभर, आणखी भरभर. तसं करता करता सुटे आवाज एकत्र येत आणि शब्द एकदम डोक्यात उजळे. शब्दाच्या आवाजांशी त्याची अक्षरं पक्की जोडली गेली की तो आठवणीत घट्ट बसतो, मग पुढच्या वेळी बघताक्षणी ओळखू येतो, असं आजचे वाचनाचे अभ्यासकही सांगतात.

अर्थात, इटालियन बरीचशी बोलावी तशीच लिहितात. इंग्रजीत ‘नाइफ’च्या आधी मुका ‘के’ बसलेला असतो, आणि मराठीत ऱ्हस्व-दीर्घ कानाला दरवेळी कळत नाही. अशा ठिकाणी नुसता आवाज पुरत नाही. तिथं शब्द डोळ्यांनी नीट न्याहाळून, झाकून, हातानं लिहून बघावा लागतो.

आईच्या मृत्यूनंतर, १९१३ च्या सुमारास, मारिओ बाईंकडे राहायला आला आणि पुढे त्यांचा सहकारी झाला. १९३९ मध्ये दोघं मद्रासजवळ अड्यारला आले. दुसऱ्या महायुद्धात इटली उतरताच इंग्रज सरकारनं मारिओला नजरकैदेत टाकलं. बाईंच्या सत्तराव्या वाढदिवशी त्याची सुटका झाली. त्यानंतरही त्या इथंच शिक्षक घडवत राहिल्या. ६ मे १९५२ रोजी हॉलंडमध्ये त्यांचं निधन झालं.

आपल्याकडे ताराबाई मोडकांनी मॉन्टेसरीचे विचार उचलले, पण महागडी साधनं नाही. बोर्डी-कोसबाडच्या आदिवासी पाड्यांत त्यांनी बिया, खडे, शंख-शिंपल्यांतून शिक्षण उभं केलं. आणि आपल्या आजी-आजोबांची धूळपाटी तरी काय वेगळी होती? तिथंही बोटच गिरवत होतं.

तेव्हा धाकट्या भावंडाचा गृहपाठ घ्यायला बसाल, तेव्हा स्पेलिंग पोपटासारखं घोकून घेऊ नका. आधी शब्द मोठ्यानं म्हणायला लावा, त्यातले आवाज सुटे करू द्या, मग परातीत रवा पसरून बोटानं लिहू द्या. चुकलं तर परात हलवायची आणि पुन्हा लिहायचं. ना खाडाखोड, ना लाल शाई!