चिंतामणराव देशमुख

स्वतंत्र भारताच्या अर्थमंत्रालयाला पहिल्या तीन वर्षांतच तीन मंत्री लाभले. पहिले षण्मुखम् चेट्टी, दुसरे जॉन मथाई. दोघांनीही राजीनामे दिले. मथाई यांना नव्या नियोजन आयोगाचे वाढते महत्त्व मान्य नव्हते. त्यांच्या जागी 1950 साली जे गृहस्थ आले, ते राजकारणातून आलेले नव्हते, तर सरकारी सेवेत मुरलेले होते. त्यांचे नाव चिंतामण द्वारकानाथ देशमुख.

रायगड किल्ल्याजवळच्या नाते या गावी 14 जानेवारी 1896 रोजी त्यांचा जन्म झाला. वडील वकील होते. बालपण रोहे येथे गेले. 1912 च्या मॅट्रिक परीक्षेत ते मुंबई विद्यापीठात पहिले आले आणि संस्कृतसाठी असलेली जगन्नाथ शंकरशेट शिष्यवृत्ती त्यांनी मिळवली. पुढे केंब्रिज येथे त्यांनी वनस्पतिशास्त्र, रसायनशास्त्र आणि भूशास्त्र यांचा अभ्यास केला. 1918 साली आय.सी.एस. परीक्षेतही त्यांचा पहिला क्रमांक होता. त्यानंतर सुमारे वीस वर्षे ते मध्य प्रांत आणि वऱ्हाड येथे अधिकारी होते. पैशाचा हिशेब आणि शासनाचा कारभार या दोन्ही गोष्टी ते तेथेच शिकले.

1939 मध्ये ते रिझर्व्ह बँकेत आले आणि 1943 साली तिचे पहिले भारतीय गव्हर्नर झाले. तो काळ फार कठीण होता. दुसरे महायुद्ध चालू होते, महागाई वाढत होती आणि बंगालमध्ये भीषण दुष्काळ पडला होता. युद्धासाठी ब्रिटनने भारताकडून जो माल आणि सेवा घेतल्या, त्यांची किंमत लंडनमध्ये पौंडांच्या रूपाने भारताच्या नावे जमा होत होती. कर्जदार म्हणवला जाणारा देश अशा रीतीने धनको झाला. परंतु ही रक्कम हाती येणे सोपे नव्हते. तिच्या वाटाघाटींत देशमुख यांचा भाग होता. 1944 साली अमेरिकेत ब्रेटन वुड्स येथे आंतरराष्ट्रीय नाणेनिधी आणि जागतिक बँक यांची रूपरेषा ठरली, तेव्हा भारताच्या शिष्टमंडळात ते होते. फाळणीनंतर काही काळ रिझर्व्ह बँकेलाच भारत आणि पाकिस्तान या दोन्ही देशांचे काम पाहावे लागले. दोन देशांच्या तिजोऱ्या वेगळ्या करण्याचे हे किचकट काम देशमुखांच्या कारकीर्दीत पार पडले. 1 जानेवारी 1949 रोजी बँकेचे राष्ट्रीयीकरणही झाले.

अर्थमंत्री म्हणून त्यांनी सहा वर्षे काम केले. ज्या आयोगामुळे मथाई गेले, त्या आयोगाचे देशमुख स्वतः सदस्य होते. त्यामुळे पहिल्या पंचवार्षिक योजनेसाठी पैसा उभा करताना त्यांना दोन घोडे एकाच गाडीला जुंपावे लागले. 1952 च्या निवडणुकीत ते कुलाब्यातून लोकसभेवर निवडून आले. 1955 साली इंपीरियल बँकेचे रूपांतर स्टेट बँक ऑफ इंडियामध्ये झाले. खेड्यांपर्यंत बँक पोहोचावी, हा त्यामागील हेतू होता. आज ज्या गावात स्टेट बँकेची शाखा आहे, तेथील लोकांना या निर्णयाची आठवण असेलच असे नाही. 19 जानेवारी 1956 रोजी वटहुकूम काढून सरकारने आयुर्विम्याचा व्यवसाय ताब्यात घेतला. ही गोष्ट आधी फुटू नये म्हणून कमालीची गुप्तता पाळण्यात आली. विमा कंपन्यांत लोकांचे पैसे सुरक्षित नाहीत, अशी उदाहरणे सरकारसमोर होती. पुढे त्याच वर्षी आयुर्विमा महामंडळ स्थापन झाले.

परंतु याच आठवड्यात मुंबई पेटली होती. भाषावार प्रांतरचनेत मुंबई शहर महाराष्ट्राला न देता केंद्रशासित करण्याचा निर्णय जाहीर झाला होता. शहरात उठाव झाला, पोलिसांच्या गोळीबारात माणसे मृत्युमुखी पडली. देशमुखांना हा निर्णय मान्य नव्हता. निर्णयाची पद्धत त्यांना अधिकच बोचली. एवढा मोठा प्रश्न मंत्रिमंडळात नीट चर्चेला आलाच नाही, असे त्यांचे म्हणणे होते. नेहरूंना ते मान्य नव्हते. गोळीबाराची चौकशी व्हावी, अशी त्यांची मागणी होती. जानेवारीतच त्यांनी राजीनामा देऊ केला, पण तो लगेच स्वीकारला गेला नाही. मधल्या काळात त्यांनी फेब्रुवारीचा अर्थसंकल्प मांडला. जाणारा माणूस सहसा काम टाळतो. देशमुखांनी वर्षाचा हिशेब पुरा करून दिला. अखेर जुलै 1956 मध्ये ते मंत्रिमंडळाबाहेर पडले आणि लोकसभेत त्यांनी आपली कारणे स्पष्ट मांडली. मुंबईसह महाराष्ट्र राज्य 1 मे 1960 रोजी अस्तित्वात आले; तेव्हा देशमुखांच्या हाती कोणतेही मंत्रिपद नव्हते.

मंत्रिपद गेल्यावर ते रिकामे बसले नाहीत. विद्यापीठ अनुदान आयोगाचे अध्यक्षपद त्यांनी सांभाळले, नंतर दिल्ली विद्यापीठाचे कुलगुरू झाले आणि दिल्लीतील इंडिया इंटरनॅशनल सेंटर उभारण्यात पुढाकार घेतला. 1959 साली त्यांना रॅमन मॅगसेसे पुरस्कार मिळाला. 1969 मध्ये राष्ट्रपतिपदाची निवडणूक त्यांनी लढवली, पण ते तिसरे आले. या सर्व वर्षांत त्यांच्या पत्नी दुर्गाबाई देशमुख स्वतःचे मोठे समाजकार्य करीत होत्या. 1953 साली झालेला त्यांचा विवाह हा देशमुखांचा दुसरा विवाह होता. पहिल्या पत्नीचे 1949 मध्ये निधन झाले होते.

अंक आणि अर्थसंकल्प यांच्या गर्दीत संस्कृतचा नाद मात्र सुटला नाही. कालिदासाच्या मेघदूताचे त्यांनी मराठीत भाषांतर केले. बागकाम ही त्यांची दुसरी आवड. वनस्पतिशास्त्राचा तो जुना अभ्यास तेथे उपयोगी पडे. 2 ऑक्टोबर 1982 रोजी हैदराबाद येथे त्यांचे निधन झाले.