शाळामास्तर ते ज्ञानपीठ : वि. स. खांडेकर

सोलापूर-हैदराबाद रस्त्यावरील आमच्या अणदूरपासून सोलापूर फार दूर नाही. 1941 साली तेथे मराठी साहित्य संमेलन भरले, तेव्हा अणदूर निजामाच्या राज्यात होते आणि सरकारी भाषा उर्दू होती. त्या संमेलनाचे अध्यक्ष होते विष्णु सखाराम खांडेकर. त्यांच्या जीवनाची आठवण आम्ही आज वाचकांपुढे ठेवीत आहोत.

खांडेकरांचा जन्म 1898 साली सांगली येथे झाला. त्यांचे मूळ नाव गणेश आत्माराम. चुलत्यांना दत्तक गेल्यावर ते विष्णु सखाराम झाले. मॅट्रिकनंतर ते पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात गेले. परंतु ते शिक्षण पुरे झाले नाही. 1920 साली कोकणातील शिरोडे या लहानशा गावी ते शिक्षक झाले आणि पुढील 18 वर्षे त्यांनी तेथेच शिकविले. खेड्यातील दारिद्र्य व अज्ञान त्यांनी तेथे जवळून पाहिले. 1930 साली त्याच शिरोड्यात मिठाचा सत्याग्रह झाला. ‘हृदयाची हाक’, ‘कांचनमृग’, ‘उल्का’, ‘दोन ध्रुव’ या कादंबऱ्या याच काळातील होत.

1936 साली मास्टर विनायक यांच्या ‘छाया’ या बोलपटासाठी त्यांनी लेखन केले. गरिबीने पिचलेल्या घराची ती कथा होती. चित्रपटाच्या कामासाठी 1938 साली त्यांनी शाळा सोडली व ते कोल्हापुरास स्थायिक झाले. त्याच वर्षी आलेला खर्चिक ‘ज्वाला’ प्रेक्षकांना रुचला नाही; मात्र ‘देवता’ व ‘अमृत’ या चित्रपटांनी त्यांचे नाव पुस्तक न वाचणाऱ्यांपर्यंतही नेले.

त्यानंतरचा काळ कसोटीचा होता. 1942 च्या ‘क्रौंचवध’नंतर तब्बल बारा वर्षे त्यांची नवी कादंबरी आली नाही. त्यांची लेखणी संपली, असे कोणास वाटले असते तर नवल नव्हते. 1954 साली ‘अश्रू’ प्रसिद्ध झाली आणि 1959 साली ‘ययाति’ आली. सर्व सुखे भोगूनही अतृप्त राहणाऱ्या राजाची पुराणकथा त्यांनी आजच्या माणसाची कथा केली. तिला 1960 चा साहित्य अकादमी पुरस्कार लाभला. 1968 साली ते पद्मभूषण झाले, आणि 1974 चे ज्ञानपीठ मराठीत प्रथम त्यांनाच मिळाले.

दृष्टी आयुष्यभर अधू होती. अखेरीस ती पूर्ण गेली. तरीही त्यांनी लेखन सोडले नाही. 2 सप्टेंबर 1976 रोजी मिरज येथे त्यांचे निधन झाले.

त्यांची पात्रे अतिध्येयवादी आहेत व भाषा अलंकारांनी जड आहे, असा आक्षेप पुढील पिढीने घेतला. तो अगदीच निराधार आहे असे आम्ही म्हणणार नाही. परंतु केवळ स्वतःच्या सुखासाठी जगणे पुरेसे आहे काय, हा त्यांचा प्रश्न अजून जुना झालेला नाही. आपल्या गावच्या वाचनालयात ‘ययाति’ असेल, तर तरुणांनी ती अवश्य वाचावी.