विश्लेषण : टीव्हीच्या काळात तुकडोजी महाराजांची ‘सामुदायिक प्रार्थना’ का आठवावी?

वरूड : दिवेलागणीची वेळ म्हणजे आता मालिकांची वेळ. घरात टीव्ही, हातात मोबाइल आणि ओटे रिकामे. नेमक्या याच वेळी गावाने एकत्र बसावे, असा आग्रह राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांनी धरला होता. त्यांचे निधन १९६८ मध्ये झाले. मुंबई दूरदर्शन सुरू झाले १९७२ मध्ये.

१९०९ मध्ये काय घडले?
इंग्रज लेखक ई. एम. फॉर्स्टर यांची ‘द मशीन स्टॉप्स’ ही भविष्यकथा त्या वर्षी प्रसिद्ध झाली. तीत प्रत्येक माणूस जमिनीखालच्या खोलीत एकटा राहतो. पाहणे, बोलणे, ऐकणे सारे यंत्रातून. प्रत्यक्ष भेट नकोशी वाटते. टीव्ही तेव्हा कुठेच नव्हता. त्याच वर्षी अमरावती जिल्ह्यातील यावली येथे माणिक बंडोजी इंगळे यांचा जन्म झाला. हेच पुढे तुकडोजी महाराज झाले.

महाराजांचा प्रवास कसा झाला?
घरची गरिबी होती. वडील शिवणकाम करत. वरखेडचे आडकोजी महाराज हे गुरू. ‘तुकड्या’ हे नाव त्यांनीच दिले. खंजिरीवर भजने म्हणत महाराज गावोगाव फिरले. १९३५ मध्ये त्यांनी मोझरीला गुरुकुंज आश्रम स्थापन केला. १९४२ च्या आंदोलनात त्यांना तुरुंगवास घडला. १९५५ मध्ये जपानमधील जागतिक धर्म परिषदेला ते गेले. त्यांच्या ‘ग्रामगीते’चे ४१ अध्याय गाव कसे सुधारावे, हेच सांगतात.

प्रार्थनेचा हेतू काय होता?
जात, पंथ, श्रीमंती बाजूला ठेवून सगळ्यांनी रोज एका ओळीत बसायचे. रोज भेटणाऱ्या माणसांनाच गावची सफाई, व्यसने, भांडणे यांवर मिळून काम करता येते, ही त्यामागची दृष्टी. गुरुदेव सेवा मंडळांनी ती गावोगाव नेली.

आज हे शक्य आहे का?
सांगली जिल्ह्यातील मोहित्यांचे वडगाव येथे २०२२ मध्ये सायंकाळी ७ वाजता भोंगा वाजू लागला. दीड तास टीव्ही-मोबाइल बंद. मुलांनी अभ्यास करायचा, मोठ्यांनी वाचायचे, एकमेकांशी बोलायचे. तिथे भोंगा लागला. वऱ्हाडात अनेक गावांना प्रार्थनेची सवय आधीपासून आहे. महाराजांच्या पुण्यतिथीला मोझरीत लाखोंचा समुदाय आजही एकाच वेळी स्तब्ध उभा राहून मौन श्रद्धांजली वाहतो. वर्षातली ती काही मिनिटे टिकली आहेत. रोजची संध्याकाळ टिकवायची का, हे मात्र गावालाच ठरवावे लागेल.